कार्लाइलचा १९१२ चा हंगाम, दोन बाय चार फुटांच्या प्लायवर: प्रकल्प नोंदी

६ सप्टेंबर २०२५

आमची रविवारची मराठी शाळा पेनसिल्व्हेनियात हॅरिसबर्गजवळच्या एका भाड्याच्या सभागृहात भरते आणि तिथून पश्चिमेला वीसेक मैलांवर कार्लाइल हे गाव आहे. नोव्हेंबरात शाळेच्या भिंतीवर स्थानिक इतिहासाचा एक फलक लावावा असे पालकांच्या बैठकीत ठरले, आणि सुतारकामाची हत्यारे एकट्या माझ्याकडे असल्याने ते काम आपोआप माझ्या गळ्यात आले. विषय निवडण्याची मोकळीक मात्र मिळाली. मी कार्लाइल इंडियन इंडस्ट्रियल स्कूलच्या फुटबॉल संघाचा १९१२ चा हंगाम निवडला. फुटबॉल म्हणजे अर्थातच इथला, हातात धरून पळायचा. कार्लाइल ही खरे तर अमेरिकेच्या मूळ रहिवाशांच्या मुलांसाठीची सरकारी निवासी शाळा होती, महाविद्यालय नव्हते. पण तिचा संघ मोठमोठ्या महाविद्यालयांशी खेळत असे, आणि त्या वर्षीच्या १४ सामन्यांपैकी त्याने १२ जिंकले, एक गमावला आणि एक बरोबरीत सोडवला. प्रशिक्षक होते ग्लेन 'पॉप' वॉर्नर. संघात जिम थॉर्प होता, ज्याने त्याच वर्षी जुलैत स्टॉकहोम ऑलिंपिकमध्ये पेंटॅथलॉन आणि डेकॅथलॉन या दोन्ही स्पर्धांत सुवर्णपदक मिळवले होते.

योजना अशी: अर्ध्या इंची बर्च प्लायच्या दोन बाय चार फुटांच्या तुकड्यावर सात-सातच्या दोन रांगांत १४ लहान मैदाने रंगवायची, प्रत्येकावर त्या सामन्याचे गुण दाखवायचे आणि वर उरलेल्या जागेत प्रवासाचा नकाशा लावायचा. पाच शनिवार पुरतील असा माझा अंदाज आहे. प्लायला ३१ डॉलर पडले.

१३ सप्टेंबर

प्रमाण एका यार्डाला दोन मिलिमीटर ठेवले. त्या काळातील मैदान ११० यार्डांचे असते हे एका जुन्या मार्गदर्शिकेत वाचले होते, म्हणून प्रत्येक मैदान २२० मिमी लांब आणि १०७ मिमी रुंद आखले. कार्लाइलच्या सामन्यांची म्हणून मिळालेली दोन-तीन छायाचित्रे समोर होती आणि त्यांत मैदानावर आडव्या-उभ्या दोन्ही रेषा, म्हणजे बुद्धिबळाच्या पटासारखे चौकोन, स्वच्छ दिसत होते. तेच गिरवायचे ठरवले. गुण्या आणि पोलादी पट्टी घेऊन दिवसभरात सात मैदानांची आखणी केली, हिरवा रंग दिला आणि संध्याकाळी पांढऱ्या रेषा ओढायला घेतल्या. एका मैदानावर ३० पेक्षा जास्त रेषा येतात आणि त्यातली एक जरी सुटली तरी सगळी ओळ वाकडी दिसते. रात्री अकरापर्यंत पाच मैदाने झाली.

१६ सप्टेंबर

ती पाचही मैदाने चुकली आहेत.

चूक सापडली ती गुणांच्या सूचीमुळे. फलकाच्या कोपऱ्यात मुलांसाठी 'गुण कसे मोजत' अशी एक चौकट द्यायची होती आणि त्याच मार्गदर्शिकेवरून मी टचडाउनचे (चेंडू प्रतिस्पर्ध्याच्या गोलरेषेपार नेण्याचे) पाच गुण, त्यानंतरच्या गोलचा (चेंडू लाथेने खांबांमधून पाठवण्याचा) एक, फील्ड गोलचे (खेळ चालू असताना तसाच पाठवण्याचे) तीन आणि सेफ्टीचे (प्रतिस्पर्ध्याला त्याच्याच गोलरेषेमागे अडवण्याचे) दोन असे लिहिले. पडताळणीसाठी ९ नोव्हेंबर १९१२ चा वेस्ट पॉइंट येथील आर्मीविरुद्धचा, म्हणजे तिथल्या लष्करी अकादमीच्या संघाविरुद्धचा, सामना घेतला, कारण त्याचा तपशील सर्वांत भरवशाचा आहे: कार्लाइलचे चार टचडाउन, त्यावर तीन गोल, अंतिम गुण २७. पाचाच्या हिशेबाने बेरीज २३ येते. दोनदा केली, तरी २३. मग मार्गदर्शिकेचे मुखपृष्ठ पुन्हा पाहिले, तर ती आदल्या वर्षीची निघाली.

१९१२ च्या हंगामाआधी नियम बदलले होते. टचडाउनचे गुण पाचावरून सहा झाले, दहा यार्ड पुढे सरकण्यासाठी तीनऐवजी चार प्रयत्न मिळू लागले, चेंडू पुढे फेकण्यावरची २० यार्डांची मर्यादा गेली, आणि मैदान ११० वरून १०० यार्डांवर आणून दोन्ही टोकांना दहा-दहा यार्डांचे पट्टे जोडण्यात आले. म्हणजे माझ्या प्रमाणात एकूण लांबी २४० मिमी हवी होती. चौकोनांचे तर त्याहून वाईट झाले. क्वार्टरबॅकने, म्हणजे चढाई चालवणाऱ्या खेळाडूने, चेंडू घेऊन दोन संघांमधली रेषा ओलांडायची तर बाजूला निदान पाच यार्ड सरकून ओलांडली पाहिजे असा एक नियम होता, आणि ते पाच यार्ड पंचांना मोजता यावेत म्हणून उभ्या रेषा मारत असत. तो नियम १९१० मध्ये गेला आणि त्याबरोबर उभ्या रेषाही गेल्या. माझी छायाचित्रे त्याआधीच्या वर्षांची होती. संघ तोच, शाळा तीच, पण वर्ष वेगळे.

असे काम कोणी हाती घेणार असेल तर त्याने छायाचित्राखालचे वर्ष आधी वाचावे. गोलचे खांब मात्र मी सुदैवाने बरोबर काढले होते: तेव्हा ते गोलरेषेवरच असत, आजच्यासारखे मागच्या टोकाला नसत.

२१ सप्टेंबर

शनिवार-रविवार रंग घासून काढण्यात गेले. ८० नंबरचा पॉलिश पेपर बर्चच्या पातळ वरच्या थरातून आरपार जाऊ लागल्यावर १२० नंबरवर आलो, आणि मग वेग अर्ध्यावर आला. रविवारी दुपारी फळी उभी करून पाहिली तर ती पापडासारखी वाकली होती. कारण उघड होते: रंगाचे दोन हात एकाच बाजूला दिले होते आणि मागची बाजू उघडी होती, त्यामुळे दमट हवेत एक बाजू फुगली आणि दुसरी फुगली नाही. मागच्या बाजूलाही प्रायमरचे दोन हात दिले आणि फळी गॅरेजच्या सपाट फरशीवर पालथी घालून तिच्यावर घरातल्या तांदळाच्या दोन गोण्या ठेवल्या. घरात यावरून थोडी बोलाचाली झाली, कारण गोण्या वीस-वीस पौंडांच्या होत्या आणि रात्रीच्या भाताचे तांदूळ गॅरेजमधून आणावे लागले.

२७ सप्टेंबर

चार दिवसांनी वाक बराच कमी झाला. उरलेला घालवण्यासाठी मागून दोन आडव्या पट्ट्या स्क्रूने बसवल्या. पट्ट्यांना सात डॉलर लागले. हे मी पहिल्याच दिवशी करायला हवे होते.

नवी मैदाने २४० मिमीची आखली. रेषांसाठी या वेळी हाताने ब्रश न फिरवता बारीक मास्किंग टेप लावली, पण टेपच्या कडेखालून पांढरा रंग झिरपून पहिल्या मैदानाच्या रेषांना मिशा फुटल्या. शेजारच्या, निवृत्त रंगारी असलेल्या गृहस्थांनी उपाय सांगितला: टेप लावल्यावर तिच्या कडेवरून आधी खालचाच हिरवा रंग एकदा फिरवायचा, म्हणजे जो झिरपायचा तो हिरवाच झिरपतो आणि फट बुजते, तो वाळल्यावर पांढरा द्यायचा. दुसऱ्या मैदानापासून रेषा सुरीने कापल्यासारख्या आल्या. आडव्या रेषा फक्त २१, गोलरेषा धरून. दिवसात सहा मैदाने झाली.

५ ऑक्टोबर

उरलेली आठ मैदाने पूर्ण झाली. त्याचबरोबर मूळ योजनेतील एक भाग सोडून दिला. प्रत्येक टचडाउन कुठून, किती यार्डांवरून झाला ते टाचणी आणि दोऱ्याने दाखवायचे होते. त्यासाठी तीन आठवडे रोज रात्री तासभर मी अमेरिकी काँग्रेसच्या, म्हणजे इथल्या संसदेच्या, ग्रंथालयाचा मोफत वृत्तपत्रसंग्रह आणि डिकिन्सन महाविद्यालयाने चालवलेला कार्लाइल शाळेचा डिजिटल संग्रह चाळत होतो. अंतिम गुण सगळीकडे जुळतात. यार्ड मात्र जुळत नाहीत: एकाच धावेला एक वार्ताहर ४० म्हणतो, दुसरा ५५ म्हणतो, तिसरा नुसतेच 'अर्ध्या मैदानावरून' म्हणतो. सुरुवातीच्या लहान सामन्यांचे वृत्त तर चार ओळींत उरकलेले आहे. ज्या टाचणीची जागा मला माहीत नाही ती टोचायची कशी, हा प्रश्न अठराव्या टाचणीला पडला आणि मी थांबलो. अंदाजे २० तास गेले.

त्याऐवजी गुणांच्या पट्ट्या करायच्या ठरल्या: बाल्सा लाकडाची बारीक पट्टी, एका गुणाला तीन मिमी, कार्लाइलची लाल आणि प्रतिस्पर्ध्याची राखाडी. व्हिलानोवाविरुद्धचे ६५ हे सर्वांत मोठे गुण १९५ मिमी होतात आणि गोलरेषांमधल्या २०० मिमीत बेताने बसतात.

११ ऑक्टोबर

पट्ट्या कापल्या. हंगाम असा होता: २१ सप्टेंबरला अल्ब्राइटविरुद्ध ५०–७, २५ ला लेबनॉन व्हॅलीविरुद्ध ४५–०, २८ ला डिकिन्सनविरुद्ध ३४–०, २ ऑक्टोबरला व्हिलानोवाविरुद्ध ६५–०, आणि ५ ऑक्टोबरला वॉशिंग्टन अँड जेफरसनशी ०–०. पंधरा दिवसांत पाच सामने. पाचव्यात एकही गुण न होण्याचे आश्चर्य मला पट्ट्या कापताना वाटेनासे झाले. पुढे सिराक्यूज ३३–०, पिट्सबर्ग ४५–८, जॉर्जटाउन ३४–२०, टोरांटो ४९–१, लीहाय ३४–१४, आर्मी २७–६. १६ नोव्हेंबरला पेनकडून, म्हणजे पेनसिल्व्हेनिया विद्यापीठाकडून, २६–३४ असा एकमेव पराभव. त्यानंतर स्प्रिंगफील्ड ३०–२४ आणि २८ नोव्हेंबरला, थँक्सगिव्हिंगच्या दिवशी, ब्राउन ३२–०.

पडताळणीची एक सोपी युक्ती: सगळ्या लाल पट्ट्या एका ओळीत टोकाला टोक लावून ठेवल्या. ५०४ गुणांचे १,५१२ मिमी व्हायला हवेत. माझे १,५०६ भरले, म्हणजे करवतीची एकूण चूक दोन गुणांची. राखाडी पट्ट्या ११४ गुणांच्या म्हणजे ३४२ मिमी हव्यात; त्या ३३९ भरल्या. हा तीन मिमीचा फरकही करवतीचाच असेल असे समजून मी पुढे गेलो. ते तसे नव्हते, हे दोन आठवड्यांनी कळले.

१२ ऑक्टोबर

अर्धवट फळी शाळेत नेऊन मुलांना दाखवली. शीर्षकात मोठ्या अक्षरांत 'कार्लाइल इंडियन्स' लिहिले होते. दुसरीतल्या एका मुलीने ते वाचले आणि अत्यंत आनंदाने विचारले, "काका, म्हणजे ही आपली टीम होती?" इंडियन म्हणजे आपण, एवढेच तिला ठाऊक, आणि तिचे काही चुकले नव्हते. शीर्षक पुसले. त्याऐवजी 'कार्लाइल शाळेचा संघ' असे लिहिले आणि खेळाडूंच्या नावांपुढे प्रत्येकाचे राष्ट्र, म्हणजे त्याची मूळ अमेरिकी जमात, दिले: जिम थॉर्प, साक अँड फॉक्स, क्वार्टरबॅक गस वेल्च आणि जो गायन, ओजिब्वे, पीट कॅलॅक, लुइसेन्यो. इंग्रजीतून एकच शब्द उचलून आपण किती वेगवेगळ्या लोकांना त्याखाली कोंबतो ते ही यादी करताना लक्षात आले. शीर्षकाची अक्षरे पुन्हा कापून घ्यायला १४ डॉलर गेले.

त्याच दिवशी नकाशातही चूक निघाली. वॉशिंग्टन अँड जेफरसनची टाचणी मी राजधानी वॉशिंग्टनमध्ये टोचली होती. ते महाविद्यालय पिट्सबर्गच्या नैर्ऋत्येला असलेल्या पेनसिल्व्हेनियातील वॉशिंग्टन या गावी आहे. राजधानीत झाला तो जॉर्जटाउनचा सामना, २६ ऑक्टोबरला; आणि त्यानंतर दोनच दिवसांनी संघ टोरांटोत खेळत होता. दोऱ्याची नवी वाट ओढल्यावर ही दोन दिवसांची दौड नकाशावर सर्वांत लांब दिसते. असे प्रवास संघ आवडीने करत नव्हता: मोठे प्रतिस्पर्धी मोठ्या शहरांत होते, तिकीटविक्रीतला वाटा तिथेच मिळत होता, आणि तो पैसा शाळेच्या क्रीडानिधीत जात असे. १९१४ मध्ये या निधीच्या कारभारासह शाळेची चौकशी काँग्रेसच्या समितीने केली. तिची सुरुवात ज्या विद्यार्थ्यांच्या अर्जापासून झाली, त्यामागे गस वेल्च होता.

१८ ऑक्टोबर

आर्मीचे मैदान. एवढ्याच एका सामन्यात टाचण्या ठेवल्या आहेत, कारण इथे कोणी काय केले ते नीट कळते. मध्यंतराला कार्लाइल ७–६ असे जेमतेम पुढे होते. उत्तरार्धात आर्मीचा कर्णधार डेव्होर याला गायनला मारल्याबद्दल मैदानाबाहेर काढण्यात आले, आणि खेळाडू उभे करण्याच्या वॉर्नरच्या नव्या 'डबल विंग' रचनेपुढे आर्मीचा बचाव फुटला. आर्मीच्या संघात ड्वाइट आयझेनहॉवर, पुढे अमेरिकेचा अध्यक्ष झालेला, हा कॅडेट होता. पुढच्याच आठवड्यात टफ्ट्सविरुद्ध त्याचा गुडघा जायबंदी झाला.

या सामन्याची एक प्रसिद्ध गोष्ट आहे. थॉर्प ९२ यार्ड धावत जाऊन टचडाउन करतो, सहकाऱ्याच्या चुकीमुळे तो रद्द होतो, आणि लगेच पुढच्या वेळी तो ९७ यार्ड धावून पुन्हा टचडाउन करतो. फलकाचा मानबिंदू म्हणून मी ही गोष्टच धरली होती. १९४ मिमीची सोनेरी दोरी कापून ठेवली होती. दोरी लावण्याआधी टाचण्या टोचायला घेतल्या. चार टचडाउन म्हणजे चार लाल टाचण्या. पहिली सेंटर जो बर्गीची. उरलेल्या तीन हाफबॅक अलेक्स आर्कासाच्या. टाचण्या संपल्या. थॉर्पसाठी पाचवी टाचणी टोचली तर गुण २७ राहत नाहीत.

मेहुणा मदतीला आला होता. तो म्हणाला, "भाऊजी, एवढी छान गोष्ट आहे, राहू द्या की. कोण मोजायला येणार?" मी त्याला 'गुण कसे मोजत' ही चौकट दाखवली, कारण फलकासमोर उभी राहणारी मुले हमखास तेच करणार होती. दोरी काढली. थॉर्पचे नाव टचडाउननंतरच्या तीन गोलांपुढे आणि त्याच्या हंगामातील नेहमी दिल्या जाणाऱ्या आकड्यापुढे, २५ टचडाउन आणि १९८ गुण, लावले. तो काही गरीब बिचारा दिसत नाही. सोनेरी दोरीचे चार डॉलर वाया गेले.

१९ ऑक्टोबर

कार्लाइलला जाऊन आलो. शाळेची जागा म्हणजे कार्लाइल बॅरक्स ही आजही लष्कराची आहे आणि तिथे युद्ध महाविद्यालय आहे. ओळखपत्र तपासून आत सोडतात. शाळा १८७९ मध्ये रिचर्ड हेन्री प्रॅट या लष्करी अधिकाऱ्याने सुरू केली आणि १९१८ मध्ये ती बंद झाली. मुलांना दूरदूरच्या प्रांतांतून आणायचे, केस कापायचे, घरची भाषा बोलू द्यायची नाही, असा तिचा शिरस्ता होता. लहान दफनभूमी रस्त्यावरून दिसते. पांढरे दगड एकसारखे, ओळीत. २०१७ पासून लष्कर काही मुलांचे अवशेष त्यांच्या कुटुंबांकडे परत पाठवत आहे, त्यामुळे मधल्या काही जागा आता रिकाम्या आहेत.

फलकावर यासाठी जागा ठेवली नव्हती. रविवारी सकाळी दुसऱ्यांची लेकरे गाडीत घालून त्यांना मराठी शिकवायला नेणाऱ्या माणसाने हे सोडून देणे बरे दिसले नसते. नकाशा दहा सेंटीमीटरने लहान केला आणि मोकळ्या झालेल्या पट्टीत शाळेविषयी सहा ओळी लिहिल्या. नकाशा पुन्हा छापून घ्यायला नऊ डॉलर लागले. त्याच ओळींत हेही घातले की थॉर्पने १९०९ आणि १९१० मध्ये पैसे घेऊन बेसबॉल खेळल्याचे जानेवारी १९१३ मध्ये उघड झाल्यावर त्याची पदके काढून घेतली गेली, आणि दोन्ही स्पर्धांचा एकमेव विजेता म्हणून त्याचे नाव पुन्हा लागायला २०२२ उजाडावे लागले.

२५ ऑक्टोबर

पट्ट्या चिकटवल्या. सगळ्या लागल्यावर टोरांटोच्या मैदानावर राखाडी पट्टी नाही असे दिसले. ती होती तीन मिलिमीटरची, म्हणजे तांदळाच्या अर्ध्या दाण्याएवढी. मेहुण्याला विचारले, तेव्हा तो म्हणाला की लाकडाचा कुसका समजून त्याने बाकीच्या भुशाबरोबर ती झाडून टाकली. कधी? तर अकरा तारखेला, मी पट्ट्या मोजत होतो त्याच्या आधी. ३४२ आणि ३३९ मधला तो फरक हाच होता.

त्याला दोष देता येत नाही, कारण अमेरिकन नियमांनी खेळून एखाद्या संघाचा एकूण गुण एक होणे जवळपास अशक्य आहे. टचडाउनवाचून तो जादा गुण मिळत नाही. माझ्या संगणकावरच्या तक्त्यानेही त्या घरात १ टाकल्यावर लाल खूण दाखवली होती आणि मी ती दुर्लक्षिली होती. टोरांटोचा सामना अर्धा अमेरिकन आणि अर्धा कॅनेडियन नियमांनी खेळला गेला, आणि कॅनेडियन खेळात एकेरी गुण असतो. नवी पट्टी कापली, चिमट्याने धरून चिकटवली आणि खाली बारीक अक्षरांत लिहिले: 'हा रंगाचा ओघळ नाही. कॅनेडियन नियमांचा एक गुण.'

२ नोव्हेंबर

फलक लागला. पाच शनिवारांचे आठ आठवडे झाले. प्लाय, पट्ट्या, रंग आणि प्रायमर, टेप, बाल्सा, दोनदा कापलेली अक्षरे, दोनदा छापलेला नकाशा आणि स्क्रू धरून १३८ डॉलर. त्यातले निदान ४० डॉलर वर्ष न पाहता वापरलेल्या छायाचित्रांचे आणि सोडून दिलेल्या योजनांचे आहेत. पहिल्या अर्ध्या तासातच एका आजोबांनी डिकिन्सनचे गाव चुकले आहे का असे विचारले. चुकलेले नाही, ते कार्लाइलमध्येच आहे, म्हणून तिथे दोरा नाही.

शाळा सुटल्यावर पाहिले तर वॉशिंग्टन अँड जेफरसनच्या रिकाम्या मैदानात कोणीतरी एक लाल टाचणी टोचून ठेवली होती, बरोबर मधोमध. काढली. खाली एक चिठ्ठी लावायची आहे, पुढच्या रविवारी.